फायबर बारचा हिशेब

वृत्तपत्रांच्या पुरवण्या, पाककृतींची पुस्तके आणि दिवाळी अंकांतील खाद्यविभाग यांतून एक कृती अलीकडे वारंवार भेटते. तिचे नाव कधी ‘घरगुती फायबर बार’, कधी ‘हेल्दी एनर्जी बार’, तर कधी नुसतेच ‘पौष्टिक वडी’. ओट्स, खजूर, मध, थोडे लोणी, सुका मेवा आणि जवस एकत्र करायचे, ताटात थापायचे आणि ओव्हनमध्ये 160 ते 180 अंशांवर पंचवीसेक मिनिटे भाजायचे. बाजारातील बारपेक्षा हा स्वस्त, त्यात कृत्रिम काही नाही, साखर नाही आणि तंतुमय पदार्थ भरपूर, असे कृतीच्या वर लिहिलेले असते. मुलांच्या डब्यासाठी तो उत्तम, हेही असतेच.

पदार्थ चवीला चांगला होतो, यात शंका नाही. परंतु कृतीच्या वरची ती चार वाक्ये विज्ञानाची विधाने आहेत आणि विज्ञानाची विधाने तपासावी लागतात. डब्यात काय आणावे हे मुलांना सांगण्याची वेळ शिक्षकांवर रोज येते, म्हणून ही तपासणी आपल्या कामाची आहे. तिला तराजू, पोषणमूल्यांचा तक्ता आणि त्रैराशिक एवढेच पुरते.

बेरीज करून पाहू

निरनिराळ्या कृतींतील समान घटक घेऊन एक नमुना मांडू. ओट्स 150 ग्रॅम, बिया काढलेला खजूर 150 ग्रॅम, मध 100 ग्रॅम, तूप 50 ग्रॅम, शेंगदाणे 75 ग्रॅम आणि जवस 25 ग्रॅम. एकूण 550 ग्रॅम. भाजताना थोडे पाणी उडून सुमारे 500 ग्रॅम उरते. त्याचे बारा बार पडतात.

ओट्समध्ये 100 ग्रॅमला सुमारे 10 ग्रॅम तंतू असतात, म्हणजे येथे 15 ग्रॅम. खजुरातून 12, शेंगदाण्यांतून 7 आणि जवसातून साडेसहा ग्रॅम मिळतात. मधातून शून्य आणि तुपातूनही शून्य. बेरीज साडेचाळीस ग्रॅमच्या आसपास. बारा बारांत वाटली की दर बारी सुमारे 3.4 ग्रॅम.

आता ऊर्जा. याच घटकांची बेरीज सुमारे 2,300 किलोकॅलरी होते, म्हणजे दर बारी सुमारे 190. आणि साखर? खजुराचे जवळजवळ दोन तृतीयांश वजन साखरेचे असते, मधाचे सुमारे चार पंचमांश. दोन्ही मिळून दर बारी सुमारे 15 ग्रॅम, म्हणजे चहाचे तीन चमचे. ‘साखर नाही’ याचा खरा अर्थ ‘डब्यातली पांढरी साखर घातलेली नाही’ एवढाच आहे. मधातील ग्लुकोज आणि फ्रुक्टोज यांना आपले शरीर साखर म्हणूनच ओळखते. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2015 सालच्या मार्गदर्शक सूचनांतही मधातील साखर ‘मुक्त शर्करे’त धरलेली आहे.

भारतीय आयुर्विज्ञान अनुसंधान परिषद आणि हैदराबादची राष्ट्रीय पोषण संस्था यांच्या 2020 सालच्या शिफारशीनुसार 2,000 किलोकॅलरींच्या आहारात सुमारे 30 ग्रॅम तंतू असावेत. हे काम या बारवर सोपवले तर दिवसाला नऊ बार खावे लागतील. त्यांतून 1,700 किलोकॅलरी येतील आणि खजुरातील साखर सोडून दिली तरी एकट्या मधातून 60 ग्रॅम मुक्त शर्करा पोटात जाईल. जागतिक आरोग्य संघटनेची कमाल मर्यादा अशा आहारासाठी 50 ग्रॅमची आहे. नऊ बार कोणी खात नाही, हे खरे. पण तंतूंचा मुख्य पुरवठा या पदार्थाकडून होणार नाही, एवढे या हिशेबातून स्पष्ट होते.

‘भरपूर’ म्हणजे किती?

तरीही हा बार ‘हाय फायबर’ म्हणवून घेऊ शकतो. भारतीय अन्न सुरक्षा आणि मानके प्राधिकरणाच्या 2018 सालच्या दाव्यांविषयीच्या नियमांत यासाठी दोन कसोट्या आहेत : 100 ग्रॅम पदार्थात किमान 6 ग्रॅम तंतू, किंवा 100 किलोकॅलरींमागे किमान 3 ग्रॅम. आपल्या बारमध्ये 100 ग्रॅमला 8 ग्रॅम तंतू आहेत. पहिली कसोटी तो सहज पार करतो. दुसऱ्या कसोटीवर मात्र 100 किलोकॅलरींमागे पावणेदोनच ग्रॅम भरतात. तेवढ्यावर त्याला फक्त ‘तंतूंचा स्रोत’ म्हणता येईल.

एकच पदार्थ एका मापाने उत्तम आणि दुसऱ्या मापाने मध्यम ठरतो, याचे कारण उघड आहे. वाळवलेल्या पदार्थात पाणी कमी, म्हणून वजनाच्या हिशेबाने त्यात सर्वच काही जास्त दिसते. तंतूही आणि साखरही. पेरूमध्ये पाणी फार, म्हणून 100 ग्रॅमला आकडा 5 ते 8 च्या घरात राहतो. परंतु त्यामागे ऊर्जा इतकी थोडी असते की दुसऱ्या कसोटीवर पेरू या बारच्या कितीतरी पुढे जातो. आठवी-नववीच्या वर्गाला गुणोत्तर शिकवताना छेद बदलला की निष्कर्ष कसा बदलतो, हे दाखवायला यापेक्षा चांगले उदाहरण शोधावे लागणार नाही.

दोन तक्ते, दोन मापे

या कृतींमागे एक समजूत गृहीत धरलेली असते. ओट्समध्ये तंतू भरपूर, आपल्या धान्यांत बेताचेच. ही समजूत आली कोठून?

आपल्याकडे अनेक वर्षे प्रमाण मानलेला पोषणमूल्यांचा जुना तक्ता उघडला तर ज्वारीसमोर 1.6, बाजरीसमोर 1.2 आणि गव्हासमोर 1.2 ग्रॅम असे आकडे दिसतात. ओट्सच्या परदेशी पुड्यावर 10 छापलेले असते. शेजारी शेजारी ठेवले तर ज्वारी बिचारी ओशाळून जाईल.

परंतु हे दोन आकडे एकाच गोष्टीचे नाहीत. जुन्या तक्त्यातील आकडा ‘क्रूड फायबर’चा आहे. त्यासाठी धान्याचे पीठ आधी सौम्य सल्फ्यूरिक आम्लात आणि मग सौम्य सोडियम हायड्रॉक्साइडमध्ये उकळत. जे उरेल ते वाळवून तोलत, जाळत आणि राख वजा करत. ही रीत एकोणिसाव्या शतकात जर्मनीत जनावरांच्या चाऱ्यासाठी बसवली गेली. तिच्यात पाण्यात विरघळणारे तंतू निघून जातात, हेमिसेल्युलोजचा बराचसा भाग जातो आणि लिग्निनचाही काही भाग जातो. माणसाच्या लहान आतड्यात आम्ल-अल्कलीची अशी उकळी नसते. तेथे विकरे काम करतात आणि त्यांना न पचलेले सारे मोठ्या आतड्यात पोचते. त्या साऱ्याला आहारातील तंतू म्हणायचे. ते मोजायला विकरांचीच पद्धत लागते.

राष्ट्रीय पोषण संस्थेने 2017 साली भारतीय अन्नपदार्थांचे नवे तक्ते प्रसिद्ध केले. त्यांत एकूण तंतू दिलेले आहेत. ज्वारी 10.2, बाजरी 11.5, नाचणी 11.2, गहू 11.2, हरभऱ्याची डाळ 15 आणि सालासकट हरभरा 25 ग्रॅम. याच तक्त्यांत मैदा आणि पांढरा तांदूळ मात्र पावणेतीन ग्रॅमच्या आसपास आहेत. म्हणजे ओट्स आणि ज्वारी यांच्यात तंतूंच्या बाबतीत सांगण्यासारखा फरक नाही. फरक आहे तो अख्ख्या धान्यात आणि सडलेल्या धान्यात. जुना आकडा घेऊन तुलना करणाऱ्या लेखांनी ज्वारी-बाजरीवर नकळत अन्याय केला आहे. भाकरी सोडून बारकडे वळणाऱ्या घरांत त्याचा परिणाम दिसतो.

60 ग्रॅम पिठाच्या भाकरीत सुमारे 6 ग्रॅम तंतू आणि 200 किलोकॅलरी असतात. एका बारइतक्या ऊर्जेत जवळजवळ दुप्पट तंतू! 30 ग्रॅम कोरड्या हरभऱ्याच्या उसळीत साडेसात ग्रॅम. ‘हाय फायबर’च्या दोन्ही कसोट्यांना हरभरा आरामात उतरतो आणि ज्वारी, दुसऱ्या कसोटीच्या काठावर का होईना, तीही उतरते. फक्त भाकरीला वेष्टन नसते, त्यामुळे दावा छापायला जागा नसते.

साखर कमी का करता येत नाही?

या कृतीचे टीकाकार सहसा म्हणतात, ‘मग मध कमी घाला.’ करून पाहणाऱ्याला लगेच अडचण कळते : बारचा भुगा होतो. साखर येथे चवीपुरती नसते, ती बांधणीसाठी असते. दाट पाक ओट्सच्या पाकळ्यांमध्ये शिरून त्यांना चिकटवतो. ओव्हनमधील उष्णतेने पाणी उडते, पाक आणखी दाट होतो आणि थंड झाल्यावर पकड घट्ट बसते. म्हणून हा बार पूर्ण निवल्यावरच कापायचा. चिक्कीचे उलट असते. तिचा पाक इतका आटवलेला असतो की निवताच तो काचेसारखा कडक होतो, म्हणून ती गरम असतानाच कापावी लागते. शिवाय दाट साखर पाणी धरून ठेवते, जीवाणूंना आणि बुरशीला ते मिळू देत नाही. त्यामुळे बार टिकतो. साखर काढली की बांधणी आणि टिकाऊपणा दोन्ही जातात. गोड नसलेला, सुटसुटीत आणि टिकाऊ बार घरी करणे कठीण आहे, ते या कारणाने.

कारखान्यांनी यावर उपाय म्हणून चिकोरीच्या मुळांतील इन्युलिन वापरले. ते चिकट असते, किंचित गोड असते आणि नियमाने तंतूंत मोजले जाते. जास्त खाल्ले तर अनेकांना पोटफुगी होते, कारण मोठ्या आतड्यातील जीवाणू ते झपाट्याने आंबवतात. घरगुती बार निदान या बाबतीत सरस आहे : त्यातील तंतू धान्याबरोबर, दाण्याबरोबर आलेले आहेत.

तंतूंचे श्रेय कोणाला?

हा मुद्दा महत्त्वाचा आहे. युगांडात अनेक वर्षे काम केलेले शल्यचिकित्सक डेनिस बर्किट यांनी 1970च्या दशकात तंतूंचा विचार जगापुढे जोमाने मांडला. आफ्रिकेतील खेड्यांत मोठ्या आतड्याचे विकार विरळ, ब्रिटनमध्ये मुबलक, आणि आहारात तंतूंचा मोठा फरक, असे त्यांचे निरीक्षण होते. पण त्या खेड्यांत आणि ब्रिटनमध्ये तंतूंखेरीज इतरही असंख्य फरक होते. 2000 साली अमेरिकेतील दोन मोठ्या प्रयोगांचे निष्कर्ष आले. एकात लोकांना गव्हाच्या कोंड्याची पूरक मात्रा दिली होती, दुसऱ्यात कमी स्निग्ध आणि अधिक तंतूंचा आहार. मोठ्या आतड्यातील गाठी पुन्हा होण्याचे प्रमाण दोन्हींत घटले नाही. उलट 2019 साली ‘लॅन्सेट’मध्ये आलेल्या व्यापक आढाव्यात, रोज 25 ते 29 ग्रॅम तंतू खाणाऱ्यांमध्ये हृदयविकार, मधुमेह, मोठ्या आतड्याचा कर्करोग आणि एकूण मृत्यू यांचे प्रमाण कमी आढळले. दोन्ही खरे असू शकते. अख्खे धान्य, कडधान्य, भाजी आणि फळ नित्य खाणाऱ्याच्या आहारात तंतू असतात. पण त्याच्या आरोग्याचे सारे श्रेय त्या एका घटकाचे नाही. म्हणून गोड पदार्थात तंतू मिसळले की त्याला अख्ख्या आहाराचे गुण चिकटतात, असे मानायला आधार नाही.

तर मग करायचे काय?

बार करू नये, असे कोणी म्हणणार नाही. सहलीला, प्रवासात, खेळाच्या दिवशी तो सोयीचा आहे; बिस्किटाच्या पुड्यापेक्षा निश्चित बरा. सुधारणाही शक्य आहे. निम्मे ओट्स काढून तेथे सालासकट फुटाण्यांचे जाडसर पीठ घालावे आणि तूप निम्मे करावे. फुटाण्यांत 100 ग्रॅमला 20 ग्रॅमच तंतू धरले तरी दर बारी 4 ग्रॅम तंतू मिळतात आणि ऊर्जा सुमारे 170 किलोकॅलरींवर येते. जवस भाजून भरडावे. अख्खा दाणा बहुधा तसाच बाहेर पडतो. सवय नसलेल्याने तंतू हळूहळू वाढवावेत आणि पाणी पुरेसे प्यावे.

वर्गात मात्र हा पदार्थ ‘चांगला’ की ‘वाईट’ असा निकाल देऊ नये. मुलांना आपापल्या डब्यातील एका पदार्थाचे घटक तोलायला सांगावे, 2017च्या तक्त्यातून आकडे काढायला लावावेत आणि दोन्ही कसोट्या लावून पाहायला सांगावे. आईने दिलेली भाकरी-उसळ आणि दुकानातून आणलेला चकचकीत बार एकाच कागदावर, एकाच मापाने मांडले जातील. पुढचे निष्कर्ष मुले स्वतः काढतील.