व्लादिमीर फोगेल : एक उपेक्षित नट

रशियन मूकपटांची गोष्ट निघाली म्हणजे आइझेन्स्टाइन, पुदोव्हकिन, कुलेशोव्ह या दिग्दर्शकांचीं नांवें आपण आदरानें घेतों. पण त्यांतील एखाद्या नटाचें नांव सांगा म्हटल्यास चांगल्या रसिकांचीही पंचाईत होते. या उपेक्षेचें मूळ थोडेंबहुत कुलेशोव्हच्या शिकवणींत आहे. चित्रपटाचा अर्थ तुकड्यांच्या जुळणींतून निघतो असें तो मानी, आणि आपल्या शिष्यांस नट न म्हणतां, चित्रकारापुढें बसणाऱ्या माणसास रशियन भाषेंत जो शब्द आहे तो लावी. हें मत सर्वस्वीं मान्य केलें तर नटाकडे श्रेय तें काय उरतें? आमच्या मतें याचें उत्तर त्याच्याच एका शिष्यानें, व्लादिमीर फोगेल यानें, देऊन ठेविलें आहे.

फोगेलचा जन्म १९०२ चा, मॉस्कोचा. १९२५ च्या 'बुद्धिबळाचा ज्वर' या प्रहसनांत तो लग्नाचा दिवसही विसरणारा खेळवेडा झाला आहे. एकदां या बाजूस व एकदां त्या बाजूस बसून तो स्वतःशींच डाव मांडतो. पुढच्याच वर्षीं 'कायद्याप्रमाणें' या चित्रांत तोच नट दोन सोबत्यांचा खून करणारा डेनिन होतो. जॅक लंडनच्या कथेवरून घेतलेल्या या चित्रांत पुरानें वेढलेल्या झोपडींत तिघेंच उरतात. नवराबायको न्यायाधीश आणि हा कैदी. बाईच्या वाढदिवशीं तिघें एका मेजाशीं बसतात, तेव्हां या खुन्याच्या मुद्रेवर असें कांहीं आर्जव उमटतें कीं, तो फांसावर जाऊं नये असें आम्हांस वाटूं लागतें.

पण आमच्या प्रश्नाचा खरा निकाल १९२७ च्या 'तिसरी मेश्चान्स्काया' मध्यें लागतो. अब्राम रोम याच्या या चित्रांत, मॉस्कोंत जागा न मिळाल्यामुळें वोलोद्या हा मित्राच्या एका खोलीच्या बिऱ्हाडीं येऊन राहतो. मित्राच्या पत्नीशीं तो प्रथम मोठ्या अदबीनें वागतो. ती त्याची झाल्यावर मात्र हळूहळू पहिल्या धन्यासारखाच हुकूम सोडूं लागतो. हा पालट फोगेल बसण्याउठण्याच्या ढंगांतून, नजरेंतून, पायरीपायरीनें दाखवितो. हें कांहीं केवळ तुकड्यांच्या जुळणीनें साधणारें नव्हे.

त्याचीं सारींच कामें या तोलाचीं नाहींत. त्याच वर्षींच्या 'टोपीच्या पेटीची मुलगी' मध्यें बर्फांत धडपडणाऱ्या प्रियकरापलीकडे त्यास फारसा वाव नाहीं. अधिक कांहीं करण्यास अवधीही मिळाला नाहीं. मज्जातंतूंच्या विकारानें जर्जर झालेल्या या नटानें १९२९ च्या जूनमध्यें, तिशीच्या आंतच, आत्मघात केला. रशियन बोलपट तेव्हां अद्याप यावयाचा होता. तरीही आमच्या वाचकांनीं त्याचा वोलोद्या एकदां अवश्य पाहावा. दिग्दर्शकाचें श्रेय कोठें संपतें आणि नटाचें कोठें सुरू होतें, हें त्यांस तेथें प्रत्यक्ष दिसेल.