ड्युरिनचा दिवस : गणित आणि दर्शन

जे. आर. आर. टोल्किन यांच्या 'द हॉबिट' (१९३७) या कथेतील 'ड्युरिनचा दिवस' ही कल्पना वाचकांच्या चर्चेत वरचेवर येते. परंतु ही चर्चा बहुधा एकाच आक्षेपाभोवती फिरत राहते, आणि तो आक्षेप वरवर जितका सबळ दिसतो तितका तो नाही.

कथेच्या तिसऱ्या प्रकरणात एल्रॉन्ड जुन्या नकाशावरील चंद्रलिपी वाचतो. ड्युरिनच्या दिवशी मावळत्या सूर्याचा शेवटचा प्रकाश पर्वतातील गुप्त दाराच्या कुलपाच्या छिद्रावर पडेल, असा तिचा आशय आहे. हा दिवस कोणता, असे विचारले असता थोरिन जी व्याख्या सांगतो तिचे दोन भाग आहेत. शरदाच्या अखेरच्या चांद्रमासाचा, हिवाळ्याच्या उंबरठ्यावरील पहिला दिवस हा ड्वार्फ जमातीचा वर्षारंभ होय, हा पहिला भाग. त्या वेळी सूर्य आणि ती चंद्रकोर आकाशात एकत्र असतील तरच त्या दिवसाला ड्युरिनचा दिवस म्हणावयाचे, हा दुसरा. याला जोडूनच तो एक कबुलीही देतो : असा योग पुन्हा केव्हा येईल हे सांगण्याची विद्या आता आमच्यापाशी उरलेली नाही.

आक्षेप असा की, शुद्ध प्रतिपदेला चंद्र सूर्याच्या निकटच असतो आणि जवळजवळ संपूर्ण दिवसभर दोघेही क्षितिजाच्या वर असतात. मग यात दुर्मिळ ते काय? भूमितीच्या दृष्टीने हे बिनचूक आहे. परंतु 'आकाशात असणे' आणि 'आकाशात दिसणे' या दोन भिन्न गोष्टी होत, हा भेद आक्षेपकाच्या ध्यानात आलेला नाही. मराठी वाचकाला तो वेगळा शिकवावा लागू नये. आपल्या पंचांगात प्रतिपदेची समाप्ती घटी-पळांत दिलेली असते आणि 'चंद्रदर्शन' ही नोंद त्याहून निराळी असते. तिथी गणिताने येते, दर्शन डोळ्यांनी घडते. इस्लामी महिन्याचा आरंभही परंपरेने याच दर्शनावर अवलंबून ठेवलेला आहे.

दर्शनाच्या बाजूने पाहिले म्हणजे या योगाचे दुर्मिळत्व सहज उलगडते. सूर्याशी सुमारे सात अंशांहून कमी अंतर असताना चंद्रकोर नुसत्या डोळ्यांना दिसतच नाही. त्याहून थोडी दूर गेलेली कोरही सूर्यास्तानंतरच्या संधिप्रकाशातच सापडते. सूर्य अद्याप क्षितिजावर असताना ती दिसणे हा अपवाद. त्यात शरद ऋतूची भर पडते. उत्तरेकडील अक्षांशांवर शरदातील सूर्यास्ताच्या वेळी क्रांतिवृत्त क्षितिजाशी अतिशय लहान कोन करते. त्यामुळे नवी कोर सूर्यापासून बरीच दूर असली तरी क्षितिजालगतच राहते आणि सूर्यामागोमाग मावळते. रिव्हेंडेल हे ऑक्सफर्डच्या अक्षांशावर कल्पिले आहे, असे टोल्किन यांनी १९६७ मधील एका पत्रात लिहिले आहे. थोरिनचा पर्वत त्याच्याही उत्तरेला. तेथे ही कोर दिवसाउजेडी दिसावयाची तर चंद्र क्रांतिवृत्ताच्या उत्तरेस असणे जवळजवळ आवश्यकच ठरते, आणि ते राहू-केतूंच्या, म्हणजे चंद्रकक्षेच्या पातांच्या, १८.६ वर्षांच्या फेऱ्यावर अवलंबून असते. ही गणना ज्या जमातीने हरवली ती योग सांगू शकणार नाही, हे ओघानेच आले. अकराव्या प्रकरणात सूर्य मावळताच चंद्रही दिसेनासा होतो. तो तपशील पुष्कळांना चुकीचा वाटला आहे. वस्तुतः वरील कारणाने तो त्या ऋतूला व त्या प्रदेशाला साजेसाच आहे.

दोन भागांच्या या व्याख्येला मराठीत एक उत्तम प्रतिरूप आहे. भाद्रपद वद्य षष्ठी दरवर्षी येते. परंतु मंगळवार, रोहिणी नक्षत्र, व्यतीपात आणि हस्तातील सूर्य हे सारे जुळल्यावाचून ती कपिलाषष्ठी होत नाही. म्हणूनच क्वचित घडणाऱ्या गोष्टीला आपण 'कपिलाषष्ठीचा योग' म्हणतो. थोरिनच्या वाक्यातही वर्षारंभ प्रतिवर्षी येतो, ड्युरिनचा दिवस योगाने येतो. भेद इतकाच की कपिलाषष्ठी पंचांगकर्ता आधी सांगू शकतो, आणि थोरिनला आपल्या नववर्षाविषयी तेवढेही सांगता येत नाही. व्याख्या भाषेत जशीच्या तशी उरली, तिच्यामागचे शास्त्र गेले. शब्द आचाराच्या मागे टिकून राहतो, हे भाषेच्या अभ्यासकाच्या नित्य परिचयाचे आहे. टोल्किन यांनी त्यावर कथेतील पेचप्रसंगच उभा केला आहे. ड्वार्फ मंडळी दारापुढे दिवसचे दिवस काढतात. उद्यापासून शरदाचा अखेरचा आठवडा सुरू होतो हे थोरिन बोलूनही दाखवतो. परंतु त्या बोलण्याचा व नकाशावरील लेखाचा संबंध कोणालाच स्मरत नाही. पश्चिमेकडे फिकट कोर दिसते ती एकट्या बिल्बोला, म्हणजे ज्याचे हे नववर्षच नव्हे अशा परक्याला.

'हिवाळ्याचा उंबरठा' म्हणजे नेमके केव्हा, हाही प्रश्न उपस्थित होतो. डिसेंबरमधील अयनदिन धरला तर कथेचा काळ जुळत नाही. सरोवरावरील नगरात बिल्बो आपल्या वाढदिवशी, २२ सप्टेंबरला, पोचला असे टोल्किन यांनी पुढील ग्रंथात (१९५४) सूचित केले. तेथील सुमारे पंधरवड्याचा मुक्काम आणि पुढचा प्रवास धरता कथा ऑक्टोबरच्या उत्तरार्धात येते. टोल्किन ऑक्सफर्ड येथे १९२५ ते १९४५ या काळात अँग्लो-सॅक्सनचे प्राध्यापक होते, हे येथे विसरून चालणार नाही. बीड याने आपल्या कालगणनेवरील ग्रंथात (इ. स. ७२५) प्राचीन इंग्रजांच्या 'विंटरफिलेथ' या महिन्याची नोंद केली आहे. हा महिना ऑक्टोबरशी जुळतो, आणि त्यातील पौर्णिमेपासून हिवाळा धरीत. याच नावाचे रूप टोल्किन यांनी हॉबिटांच्या दहाव्या महिन्याला दिले. ड्युरिन हे नाव जसे प्राचीन नॉर्स 'व्होलुस्पा' काव्यातील ड्वार्फांच्या नामावळीतून आले, तसा हा उंबरठाही उत्तर युरोपच्या जुन्या ऋतुगणनेतून आला असावा.

लेखकाचा हात सर्वत्र सारखाच स्थिर होता असे मात्र नाही. मूळ मसुद्यात हा शरदाचा 'पहिला' चंद्र होता. तो पुढे 'अखेरचा' करताना चौथ्या प्रकरणातील एक उल्लेख तसाच राहून गेला, आणि तो १९९५ च्या आवृत्तीपर्यंत दुरुस्त झाला नाही. चंद्रलिपी वाचण्यास लागणारी कोर आणि ड्युरिनचा दिवस ही दोन्ही एकाच वर्षी लाभावीत, ही तर उघडउघड लेखकाची सोय आहे. बालकथेत ती खपून जाते.

सर्वांत महत्त्वाची गोष्ट अशी की, दार उघडण्याच्या प्रसंगात चंद्र काहीच करीत नाही. ढगांच्या फटीतून येणारा तांबडा किरण सूर्याचा आहे. त्याच किरणाने खडकाची कपची निसटते आणि छिद्र उघडे पडते. कोर केवळ 'आज तो दिवस आहे' एवढेच सांगते. ती खूण आहे, कारण नव्हे. २०१३ साली पीटर जॅक्सन यांच्या चित्रपटात हा भेद पुसला गेला. तेथे सूर्य मावळतो, मंडळी निराश होऊन परततात आणि मागाहून चंद्रप्रकाश छिद्र दाखवतो. 'शेवटचा प्रकाश' याचा अर्थ चंद्राचा प्रकाश असा लावला जातो. पडद्यावर हे परिणामकारक दिसते यात शंका नाही. परंतु सूर्य आणि चंद्र एकत्र असण्याची अटच त्यामुळे निरर्थक होते, आणि प्रतिपदेच्या कोरीला जे कधीच शक्य नाही ते काम तिच्याकडून करवून घेतले जाते.