दोन हजेऱ्या : 'उचल्या'चे पुनर्वाचन

लक्ष्मण गायकवाड यांचे 'उचल्या' हे आत्मकथन १९८७ साली प्रसिद्ध झाले आणि पुढील वर्षी साहित्य अकादमीच्या पुरस्काराचे मानकरी ठरले. दैन्याचे चित्रण म्हणून त्याचे वाचन होते. आम्हांस मात्र ते दैन्याहूनही राज्यसंस्थेविषयी अधिक सांगते असे वाटते.

इंग्रज सरकारने १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने कित्येक जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरविल्या. माणसाने काय केले हे न पाहता तो कोणाच्या पोटी जन्मला एवढेच पाहिले. नोंदणी, पोलिसांकडे हजेरी, गाव सोडण्यास परवाना हे त्याचे स्वरूप. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी ह्या जमाती 'विमुक्त' झाल्या. तथापि, गायकवाडांच्या बालपणी पोलीस झोपडीत शिरून मारझोड करतात, ते ह्या तारखेनंतर. कायदा रद्द झाला. संशय ठाण्यात तसाच राहिला.

लेखक घराण्यातून शाळेत जाणारा पहिला मुलगा. वस्तीत आजार पसरतो तेव्हा दोष त्याच्या शाळेस दिला जातो. ह्यास अडाणीपणा म्हणणे सोपे आहे. परंतु ज्या सरकारची वही आजवर हजेरी घेऊन जखडण्यासाठीच उघडली गेली, त्याच सरकारच्या शाळेतील हजेरीपटावर त्या माणसांचा विश्वास कसा बसावा?

लक्ष्मण माने यांच्या 'उपरा'तील (१९८०) कैकाडी मुलाची शाळा बिऱ्हाडाबरोबर तुटत राहते. हीच जमात विदर्भातील काही जिल्ह्यांत अनुसूचित जातींच्या यादीत आली, तर उर्वरित महाराष्ट्रात विमुक्त जातींच्या. पोटासाठी फिरणाऱ्या माणसाचे हक्क जिल्ह्याच्या शिवेवर बदलावेत, ही स्थिर माणसांनी केलेली व्यवस्था होय.

'उचल्या'चा उत्तरार्ध मात्र उणा वाटतो. कामगार चळवळीचा वृत्तांत सुरू होताच निवेदन अहवालाकडे झुकते आणि पूर्वार्धातील घरची जिवंत माणसे मागे पडतात. तरीही सभेत बोलणारा, निवेदन देणारा हा माणूस प्रथमच सरकारला जाब विचारतो, हे त्या पानांचे मोल आम्ही नाकारीत नाही.

जन्मदाखला, सातबारा, रेशनकार्ड ट्रंकेत जपणाऱ्या आपणांसारख्या वाचकांनी हे पुस्तक अवश्य वाचावे. गावाबाहेर पाल पडले की आपल्याही मनात प्रथम चोरीची शंका येते. ती कोठून आली, ह्याचा शोध त्यातून लागेल.