गैबची जीभ आणि हुकमाचा आवाज

फ्रँक हर्बर्ट या अमेरिकन लेखकाची 'ड्यून' ही कादंबरी १९६५ साली प्रसिद्ध झाली. विज्ञानकथेत तिला अभिजात कलाकृतीचा मान आहे. २०२१ आणि २०२४ साली आलेल्या दोन चित्रपटांमुळे आपल्या घरांतली तरुण मुलेही तिच्याविषयी बोलू लागली. मुस्लीम वाचक ही कादंबरी हाती घेतो तेव्हा थोड्याच पानांनंतर थबकतो. हजारो वर्षांनंतरच्या काळात, एका वाळवंटी ग्रहावर माणसे 'महदी', 'जिहाद', 'लिसान अल-गैब' असे शब्द उच्चारीत असतात. आपले शब्द ओळखीचे वाटतात म्हणून आनंद मानावा, की ते कोणी आणि कशासाठी वापरले हे तपासावे? मला दुसरी वाट अधिक गरजेची वाटते.

या कादंबरीच्या केंद्रस्थानी 'बेने जेसेरिट' हा स्त्रियांचा पंथ आहे. त्याचे मुख्य हत्यार आवाज. साधिका आधी समोरच्याचे बोलणे बारकाईने ऐकते, त्याच्या स्वभावाची नस ओळखते आणि मग नेमका सूर लावून हुकूम सोडते. ऐकणाऱ्याची बुद्धी जागी होण्याआधीच त्याचे शरीर हुकूम पाळून मोकळे होते. पंथातल्या ज्येष्ठ स्त्रिया तर स्वतःच्या आत उतरून पूर्वज स्त्रियांच्या स्मृतींत फिरतात. काळ हाच त्यांचा दुसरा मुलूख. या आवाजाची धास्ती एवढी, की नायक पॉल आणि त्याची आई जेसिका यांना कैद करून नेताना शत्रू पहारेकऱ्यांत एक बहिरा माणूस ठेवतो. जो ऐकू शकत नाही त्याच्यावर ही सत्ता चालत नाही.

पण पंथाचा खरा पराक्रम याहून सूक्ष्म आहे. वाळवंटात राहणारे फ्रेमेन लोक 'झेनसुन्नी' भटक्यांचे वंशज आहेत, म्हणजे शब्द त्यांचेच. त्या शब्दांभोवतीचे भाकीत मात्र पंथाच्या प्रचारक स्त्रियांनी पिढ्यान्‌पिढ्या आधी पेरून ठेवलेले असते. पुढेमागे पंथातली एखादी स्त्री अडचणीत सापडली, तर या श्रद्धेचा आसरा तिला मिळावा, एवढाच हेतू. मेप्स ही फ्रेमेन मोलकरीण जेसिकाची परीक्षा पाहते तो प्रसंग या दृष्टीने वाचण्यासारखा आहे. खंजिराविषयी बोलताना जेसिका वाक्य पुरे करण्याआधीच त्यातला एक शब्द मेप्सच्या कानी पडतो आणि ती हंबरडा फोडते. जेसिकाला वेगळेच म्हणायचे होते. अर्ध्या वाक्याने तिचा जीव वाचतो आणि मेप्सची श्रद्धा कायमची गहाण पडते. हर्बर्टने हा प्रसंग फार शांतपणे लिहिला आहे, म्हणून तो अधिक बोचतो.

या पेरणीचे पीक पॉल कापतो. १९६९ च्या 'ड्यून मसाया' या दुसऱ्या भागात तो स्वतःच हिशोब मांडतो : ६१ अब्ज माणसे ठार, ९० ग्रह निर्जीव. उद्धारकाच्या मागे डोळे मिटून जाऊ नका, हा लेखकाचा इशारा प्रामाणिक आहे. तरीही एक तक्रार उरते. आवाज चालवणाऱ्या पंथाचे मन हर्बर्ट पदर उलगडून दाखवतो. आवाज ऐकणाऱ्या फ्रेमेनांमध्ये मात्र या भाकितावर उघडपणे शंका घेणारा, वाद घालणारा माणूस जवळजवळ दिसत नाही. आपल्या समाजांत अशी माणसे कधीच नव्हती काय?

'लिसान'चा अर्थ जीभ आणि 'गैब' म्हणजे अदृश्य. मराठीतला 'गायब' त्याच मुळाचा. कादंबरीत या नावाचा अर्थ 'बाहेरच्या जगातून आलेला आवाज' असा दिला आहे. पण इतिहासात हीच पदवी लोकांनी चौदाव्या शतकातल्या एका कवीला दिली होती, शीराझच्या हाफिजला. इराणात आजही लोक त्याचा दिवाण उघडून फाल पाहतात. समोर आलेल्या गझलेचा अर्थ ज्याचा त्याने लावायचा असतो. तिथे गैबची जीभ हुकूम देत नाही, विचार करायला लावते. परंपरेचा हा पैलू कादंबरीत हरवला आहे.

चित्रपटांनी 'जिहाद'च्या जागी 'पवित्र युद्ध' ठेवले. हा सावधपणा समजण्यासारखा आहे, पण शब्द लपवल्याने त्याच्यावरचा डाग धुतला जात नाही. उलट २०२४ च्या चित्रपटात चानी या फ्रेमेन तरुणीला शंका घेण्याचा हक्क मिळाला आणि शेवटी ती पॉलकडे पाठ फिरवून निघून जाते. कादंबरीतली चानी अशी नाही. मूळ कृतीत जे राहून गेले ते इथे भरून निघाले, असे मला वाटते.

फ्रेमेन वाळवंट ओलांडताना मुद्दाम ताल मोडून चालतात, कारण एका लयीत पडणारी पावले ऐकून वाळूखालचा महाकाय किडा झडप घालतो. पायांनी ताल मोडायला शिकलेल्या या लोकांना कानांनी तो मोडता आला नाही, हीच त्यांची शोकांतिका. व्यासपीठावरून, पडद्यावरून, कधी आपल्याच माणसांच्या तोंडून आपल्याही कानी असे घोटीव सूर येतात. त्यांत आपले पवित्र शब्द असतात, म्हणून तर अर्थ विचारणे अधिक निकडीचे. बहिरे होऊन सुटका नाही. नीट ऐकावे आणि मग विचारावे.