अभिनेत्रीच्या नावाचं प्रमेय: बातमीच्या पलीकडे काय आहे?

अमेरिकन अभिनेत्री डॅनिका मॅकेलरबद्दल कुठेही वाचा, एक वाक्य हमखास सापडतं: हिच्या नावावर गणितातलं एक प्रमेय आहे. वाक्य खरं आहे. पण ते प्रमेय सांगतं काय, हे बहुतेक लेखांत येतच नाही. रिसर्चला येऊ पाहणाऱ्यांनी नेमकं इथेच थांबून विचारायला हवं.

आधी थोडी पार्श्वभूमी. ‘द वंडर इयर्स’ (१९८८-१९९३) या टीव्ही मालिकेत नायकाची मैत्रीण साकारून डॅनिका शाळकरी वयातच प्रसिद्ध झाली. पुढे लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठातून १९९८ मध्ये तिने गणिताची पदवी घेतली. त्याच वर्षी ‘जर्नल ऑफ फिजिक्स ए’मध्ये नऊ पानांचा एक पेपर आला. लेखक तिघं: प्राध्यापक चेयस, मॅकेलर आणि तिच्याबरोबर शिकणारी विन.

आता पेपरकडे. बुद्धिबळाच्या पटासारखी, पण अनंत पसरलेली चौकटी जाळी डोळ्यांसमोर आणा. प्रत्येक बिंदूवर चारपैकी एक अवस्था आहे आणि शेजाऱ्यांना एकमेकांसारखं असणं आवडतं. हे झालं अॅश्किन-टेलर मॉडेल. प्रश्न असा, की अशा व्यवस्थेला समतोलाची एकच स्थिती असते की अनेक? तापमान खूप जास्त असेल तर कडेला काय चाललंय याचा आत पत्ताही लागत नाही, स्थिती एकच. तापमान पुरेसं उतरलं की एखादी अवस्था सगळीकडे वरचढ होऊ शकते, आणि मग स्थिती अनेक.

दुसरी कल्पना पर्कोलेशन, म्हणजे आपल्या पाझर तलावातला पाझर. एकाच अवस्थेचे बिंदू एकमेकांना चिकटून अनंतापर्यंत सलग पोचतात का? मॉडेलच्या एका ठरावीक मर्यादेत तिघांनी दाखवलं, की समतोलाच्या स्थिती अनेक असतील तर असा सलग पाझर असतोच, आणि पाझर असेल तर स्थितीही अनेक असतात. चौकटी जाळीवर हे आधी फक्त पॉट्स मॉडेल्ससाठी माहीत होतं.

म्हणजे हा निकाल जग हलवणारा नाही. माहीत असलेली गोष्ट एक पाऊल पुढे, नवीन मॉडेलपर्यंत नेली आहे. पण बहुतेक चांगलं संशोधन असंच असतं, आणि पदवीच्या विद्यार्थ्यासाठी हे मोठंच काम आहे. माझा आक्षेप कौतुकाला नाही, कौतुकाच्या जागेला आहे. प्रमेयाचं पूर्ण नाव चेयस-मॅकेलर-विन. लेखांमध्ये मधलंच नाव उरतं. विनने तेच काम विद्यार्थी असतानाच केलं, फक्त ती टीव्हीवर नव्हती. नावांच्या क्रमावरूनही काही ठरवू नका. गणितात लेखकांची नावं सहसा आडनावांच्या वर्णक्रमाने लावतात, आणि इथेही तो क्रम तसाच आहे.

पुढे डॅनिका अभिनयातच राहिली, शिवाय २००७ पासून शाळकरी मुलींसाठी गणिताची पुस्तकं लिहिली. त्यांत अपूर्णांक, गुणोत्तर पायरीपायरीने, मुलीच्या भीतीला न हसता समजावलंय, आणि ते खरोखर जमलंय. खटकते ती सजावट: किशोरींच्या मासिकासारखं रूप, राशिभविष्य, व्यक्तिमत्त्वाच्या चाचण्या. ‘मुलींना गणित जमत नाही’ हा साचा मोडायला ‘मुलींना नटणं आवडतं’ हा दुसरा साचा वापरलाय. ज्या मुलीला त्यात रस नाही, तिने काय करायचं?

‘रिसर्च सोडून अभिनयात गेली’ अशी हळहळही मला पटत नाही. पेपरमधली सिद्धता बरोबर आहे की नाही, हे लेखकाने पुढे काय केलं यावर ठरत नाही.

तेव्हा पुढच्या वेळी असा दावा दिसला की तीन गोष्टी बघा: मूळ पेपरचा सारांश काय म्हणतो, आधी काय माहीत होतं, आणि सहलेखक कोण होते. पीएचडीच्या मुलाखतीत तुमच्या स्वतःच्या कामाबद्दलही हेच तीन प्रश्न येऊ शकतात.