उभे राहण्याचे नाट्य : रुझवेल्ट यांचे शरीर आणि त्याचे चित्रण

डोर शॅरी यांच्या 'सनराइज अॅट कॅम्पोबेलो' या नाटकाचा शेवट एका चालण्यावर होतो. स्थळ न्यूयॉर्कचे मॅडिसन स्क्वेअर गार्डन, काळ जून 1924. डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनात अल स्मिथ यांचे नाव अध्यक्षपदासाठी सुचवायला फ्रँकलिन रुझवेल्ट कुबड्यांच्या आधाराने व्यासपीठाच्या टोकापर्यंत जातात, उभे राहतात आणि पडदा पडतो. रुझवेल्ट यांच्या जन्मदिनी, 30 जानेवारी 1958 रोजी, ब्रॉडवेवर आलेल्या या नाटकाने, आणि 1960 च्या चित्रपटाने, त्यांच्या अपंगत्वाची एक सर्वमान्य कथा रूढ केली. ती कथा खोटी नाही. ती जेथे थांबते ते स्थान मात्र तपासून पाहण्याजोगे आहे.

ऑगस्ट 1921 मध्ये, कॅनडातील कॅम्पोबेलो बेटावर, वयाच्या एकोणचाळिसाव्या वर्षी रुझवेल्ट आजारी पडले. त्या वेळी निदान पोलिओचे झाले. त्यानंतर एप्रिल 1945 मध्ये मृत्यू येईपर्यंत ते आधारावाचून कधीच चालू शकले नाहीत. जवळपास चोवीस वर्षांच्या या काळातली पहिली तीनच वर्षे नाटक निवडते आणि ती यातनेकडून विजयाकडे नेते. विजय म्हणजे उभे राहणे. पुढची एकवीस वर्षे हा माणूस गव्हर्नर झाला, चार वेळा अध्यक्षपदी निवडून आला आणि हे सारे दोन माणसांनी उचलून गाडीत बसवले जात असताना झाला. हे या रूपबंधात बसतच नाही. आजाराला आरंभ, मध्य आणि अंत असतो. अपंगत्वाला तसा अंत नसतो, आणि नाटककाराची अडचण बहुधा हीच असावी.

उभे राहणे ही एक कष्टाने रचलेली कृती होती, हे येथे लक्षात घ्यायला हवे. पायांना पोलादी पट्ट्या, गुडघ्याशी त्यांना खिळी. एका हातात काठी, दुसरा मुलाच्या दंडावर. कमरेला हेलकावा देत एकेक पाय पुढे टाकायचा. हे दुरून चालण्यासारखे दिसे. व्यासपीठाशी पोचल्यावर हात कठड्यावर घट्ट रोवलेले असत, त्यामुळे भाषणातला सारा आवेश मानेच्या झटक्यांत आणि आवाजात येई. त्यांच्या वक्तृत्वशैलीचे गोडवे गाणाऱ्यांनी या हातांकडे क्वचितच पाहिले आहे. जून 1936 मध्ये फिलाडेल्फियात हजारोंच्या समुदायात ते कोसळले. त्यांना उचलून पुन्हा उभे केले गेले आणि भाषण ठरल्याप्रमाणे झाले. चाकांच्या खुर्चीतली त्यांची छायाचित्रे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच उरली आहेत. इतर छायाचित्रकारांना रक्षक अडवीत.

स्वतः पोलिओमुळे चाकांची खुर्ची वापरणाऱ्या ह्यू गॅलघर यांनी 1985 च्या 'एफडीआर्स स्प्लेंडिड डिसेप्शन' या पुस्तकात या साऱ्याला भव्य फसवणूक म्हटले. पुस्तक मोलाचे आहे, पण फसवणूक हा शब्द सर्वस्वी स्वीकारता येत नाही. आजार लोकांना ठाऊक होता. 1931 मध्ये 'लिबर्टी' साप्ताहिकाने, हा माणूस अध्यक्षपदाला शरीराने समर्थ आहे काय, असा प्रश्न उघडपणे विचारून तज्ज्ञांच्या तपासणीचा हवाला दिला होता. 1938 पासून पोलिओविरुद्धच्या निधीसाठी देशभर त्यांच्याच नावाने नाणी गोळा होत. लोकांना आजार माहीत होता; दिसत नव्हते ते शरीर. त्यांनी मात केली आहे, असे ऐकण्याची लोकांची तयारी होती, आणि रुझवेल्ट यांनी तेच ऐकवले. हा करार दोन्ही बाजूंनी पाळला गेला.

शेक्सपिअरच्या तिसऱ्या रिचर्डचे येथे स्मरण होते. तेथे राजाचे वाकडे शरीर त्याच्या दुष्टपणाची खूण होऊन बसते. 2012 मध्ये लेस्टर येथे सापडलेल्या रिचर्डच्या सांगाड्याचा कणा खरोखर वाकलेला होता, पण कुबड आणि वाळलेला हात ही भर होती. शॅरींचे नाटक याच्या अगदी उलट टोकाला उभे आहे, असे प्रथमदर्शनी वाटते. तेथे शरीर सद्गुणाची खूण होते. पण शरीर कशाची तरी खूण असलेच पाहिजे, हा आग्रह दोन्हीकडे एकच आहे. मराठी वाचकाला हा आग्रह परका नाही. पंगूला पर्वत ओलांडायला लावणारी कृपा आपल्या भक्तिपरंपरेत रुजलेली आहे, आणि अलीकडे रूढ झालेला 'दिव्यांग' हा शब्दही त्याच वळणाचा आहे.

वॉशिंग्टनमधील स्मारकाने हा पेच दगड आणि काशातून मांडला. 2 मे 1997 रोजी ते खुले झाले, तेव्हा रुझवेल्ट यांचा बैठा पुतळा लांब झग्याने झाकलेला होता. खुर्चीची लहान चाके मागे जाऊन वाकून पाहिल्यावरच दिसत. अपंगांच्या संघटनांनी विरोध केला, 16 लाख 50 हजार डॉलर जमवले, आणि जानेवारी 2001 मध्ये प्रवेशद्वाराशी दुसरा पुतळा आला. साध्या खुर्चीला चाके जोडून रुझवेल्ट यांनी स्वतःसाठी करवून घेतली होती तशाच खुर्चीत ते बसलेले आहेत. आकार माणसाएवढा, चौथरा नाही. प्रस्तुत लेखकाला हा पुतळा अधिक प्रामाणिक वाटतो, तो धीरोदात्त नसल्यामुळे.

खुद्द रुझवेल्ट यांच्या शब्दांत मात्र असे स्थळ एकच आढळते. 1 मार्च 1945 रोजी, याल्टाहून परतल्यावर, ते काँग्रेससमोर बसून बोलले. बसल्याबद्दल त्यांनी आरंभीच क्षमा मागितली आणि कारण सांगितले : पायांभोवती दहा पौंड पोलाद वागवावे लागत नाही, हे बरे पडते, शिवाय नुकताच चौदा हजार मैलांचा प्रवास झाला आहे. पोलादाचे ओझे आणि प्रवासाचा शिणवटा एकाच दमात सांगून ते याल्टाच्या विषयाकडे वळले. सहा आठवड्यांनी त्यांचे निधन झाले.