टेडी बेअरचा दिलासा आणि प्रौढांचे मौन : 'विनी द पू'च्या कथांचा पुनर्विचार

ए. ए. मिल्न यांच्या 'विनी द पू' (१९२६) व 'द हाउस अ‍ॅट पू कॉर्नर' (१९२८) या दोन पुस्तकांविषयी लिहिताना 'निरागसता' हा शब्द हटकून वापरला जातो. एक मुलगा, त्याचे कापडी अस्वल आणि एक अरण्य एवढ्यावर उभ्या असलेल्या या कथा वाचकाला दिलासा देतात, हे सर्वमान्य आहे. परंतु हा दिलासा नेमका कशाचा, तो कोणाला मिळतो आणि त्याची किंमत कोण मोजतो, हे प्रश्न फारसे विचारले जात नाहीत. प्रस्तुत लेखात डी. डब्ल्यू. विनिकॉट या ब्रिटिश बालरोगतज्ज्ञ व मनोविश्लेषकाच्या सिद्धांताच्या आधारे या कथांकडे पाहण्याचा प्रयत्न केला आहे.

विनिकॉट यांनी १९५१ मध्ये वाचलेल्या व १९५३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निबंधात 'संक्रमण-वस्तू' ही संकल्पना मांडली. आई म्हणजे आपणच, या समजुतीतून बाहेर पडणारे मूल एखादी मऊ वस्तू जवळ करते : चादरीचे टोक, लोकरीचा तुकडा किंवा कापडी अस्वल. ही वस्तू पूर्णपणे मुलाच्या मनातली नसते आणि पूर्णपणे बाहेरच्या जगातलीही नसते. मूल तिला कुरवाळते, आपटते, चावते. या साऱ्यातून ती टिकून राहावी लागते. तिच्यात बदल करण्याचा अधिकार फक्त मुलाचा. म्हणूनच शहाणी आई ती वस्तू मळू देते, तिला वास येऊ देते. धुतल्याने जो धागा तुटतो तो पुन्हा जोडता येत नाही. आणि सर्वांत महत्त्वाचे असे की, 'ही तू कल्पिलीस की तुला ती बाहेरून मिळाली?' हा प्रश्न मुलाला कधीही विचारायचा नाही, असा मोठ्यांनी जणू अलिखित करार केलेला असतो. दिलाशाचा आधार केवळ कापडाचा मऊपणा नव्हे, हे न विचारणेही आहे. (मऊपणाचे महत्त्वही कमी नाही. हॅरी हार्लो यांच्या १९५८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत माकडाची पिल्ले दूध देणाऱ्या तारेच्या 'आई'ला सोडून कापडी 'आई'ला बिलगून राहत, हे आपण मानसशास्त्राच्या वर्गात शिकवतोच.)

पूच्या पहिल्याच कथेत या सिद्धांताचे जवळजवळ प्रत्येक अंग सापडते. अस्वल जिन्यावरून डोके आपटत खाली येते, कारण मुलगा त्याला एका हाताने ओढत आणतो. गोष्ट हवी असते मुलाला, पण तो ती अस्वलाच्या वतीने मागतो आणि अस्वलाला स्वतःविषयीच्याच गोष्टी आवडतात अशी पुस्तीही जोडतो. गोष्टीत पू फुग्याला लटकून मधाच्या मागे वर जातो. त्याला खाली आणण्यासाठी ख्रिस्तोफर रॉबिन बंदूक झाडतो, पहिला नेम चुकतो आणि गोळी पूलाच लागते. गोष्ट संपल्यावर मुलगा वडिलांना हळूच विचारतो की, गोळीने त्याला दुखले तर नाही ना? वडील ठामपणे नाही म्हणतात. हा विनोदी प्रसंग वाटतो. परंतु प्रेमाच्या वस्तूवर आपण केलेला आघात तिने सोसला की नाही, ही लहान मुलाची सर्वांत गंभीर शंका त्यात आहे. प्रस्तुत लेखकाच्या मते संपूर्ण पुस्तकातील दिलाशाचा कणा या एका प्रश्नोत्तरात आहे. विनिकॉट यांनी सिद्धांत मांडण्याच्या पंचवीस वर्षे आधी मिल्न यांनी तो कथेत उतरवला होता. स्वतः विनिकॉट यांनीही १९७१ च्या ग्रंथाच्या प्रस्तावनेत मिल्न यांचा उल्लेख केला आहे.

येथपर्यंत सारे जुळते. अडचण दुसऱ्या पुस्तकाच्या अखेरच्या प्रकरणात येते. शाळेत जाण्याची वेळ झालेला ख्रिस्तोफर रॉबिन अरण्याच्या माथ्यावर पूकडून वचन मागतो की, मी शंभर वर्षांचा झालो तरी मला विसरू नकोस. पू आपण तेव्हा किती वर्षांचे असू ते विचारून घेतो आणि वचन देतो. हा प्रसंग वाचताना प्रौढ वाचकाचे डोळे पाणावतात. मूल मात्र येथे फारसे रडत नाही, हा वर्गातील अनेक अध्यापकांचा अनुभव असेल. असे का व्हावे? विसरणारा असतो मुलगा, विसरली जाणारी असते वस्तू; येथे मात्र न विसरण्याची जबाबदारी वस्तूवर टाकली आहे. विनिकॉट यांच्या मते अशी वस्तू विसरली जात नाही आणि तिचा शोकही होत नाही. तिच्यातला अर्थ हळूहळू ओसरतो, इतकेच. मिल्न यांना हे ओसरणे सोसत नाही. त्यांनी त्या जागी निरोपसमारंभ घातला. हा शोक बापाचा आहे, मुलाचा नव्हे, आणि येथे पुस्तक बालसाहित्याची सीमा ओलांडून प्रौढांच्या स्मरणरंजनात शिरते. समीक्षकांनी या प्रकरणाची जी स्तुती केली आहे ती गद्याच्या दृष्टीने योग्यच आहे. परंतु त्यातला हक्काचा बदल लक्षात घेतला गेलेला नाही.

या बदलाचे परिणाम पुस्तकाबाहेरही झाले. लंडनच्या हॅरॉड्स या दुकानातून १९२१ मध्ये पहिल्या वाढदिवसासाठी आणलेल्या या अस्वलाचा मालक ख्रिस्तोफर मिल्न निवासी शाळेत गेला तेव्हा त्याच्याच नावाच्या पात्रावरून सोबत्यांनी त्याची टर उडवली. १९७४ मधील आत्मकथनात त्याने वडिलांच्या यशाविषयीचा आपला तरुणपणचा कडवटपणा लपवलेला नाही. खेळण्यांविषयी मात्र त्याचा सूर वेगळा आहे. ती १९४७ मध्ये अमेरिकेत गेली. आपल्याला आज जे आवडते ते भोवती असावे, पूर्वी कधी आवडत होते ते नव्हे, अशा आशयाचे त्याने लिहिले आहे. अनेकांना हे रूक्ष वाटते. वस्तुतः हेच निरोगी ओसरणे होय. १९९८ मध्ये ब्रिटनच्या एका खासदार बाईंनी ही खेळणी परत मागितली आणि न्यूयॉर्कच्या महापौरांनी ती ठेवून घेण्याचा चंग बांधला. या वादातील सर्व मंडळी प्रौढ होती, आणि ज्याची ती खेळणी होती तो दोन वर्षांपूर्वीच निवर्तला होता.

टेडी बेअरच्या जन्मकथेतही प्रौढांचे असेच सोयीस्कर मौन आहे. १९०२ च्या नोव्हेंबरात मिसिसिपीत बांधून ठेवलेल्या अस्वलावर गोळी झाडण्यास थिओडोर रूझवेल्ट यांनी नकार दिला, क्लिफर्ड बेरीमन यांनी त्यावर व्यंगचित्र काढले आणि त्यातून हे नाव रूढ झाले, हे सर्वश्रुत आहे. जखमी अस्वलाला त्यांच्याच सांगण्यावरून नंतर ठार करण्यात आले, हे फारसे सांगितले जात नाही.

आपल्याकडील वाचकाने या सिद्धांताकडे थोडे सावधपणे पाहिले पाहिजे. इटलीतील गद्दिनी दांपत्याचा १९७० चा आणि कोरियन व अमेरिकन बालकांची तुलना करणारा हाँग व टाउन्स यांचा १९७६ चा अभ्यास असे सुचवतात की, मूल आईजवळ झोपते तेथे अशा वस्तूची गरज कमी भासते. मराठी घरातले मूल पदर मुठीत धरून झोपते. पण पदर हा आईचाच भाग, त्याला संक्रमण-वस्तू म्हणता येणार नाही. तेच लुगडे जुने होऊन गोधडीत शिवले गेले की ते आईपासून सुटते आणि तरीही तिचा स्पर्श व वास राखते. मूल त्या एका गोधडीशिवाय झोपत नाही तेव्हा आपण विनिकॉट यांच्या प्रदेशात आलेलो असतो. अस्वलाशी आपला जुना संबंध मात्र निराळा होता. दरवेशी गावात आला की भित्र्या मुलाला त्याच्या अस्वलाच्या पाठीवर बसवीत, केस ताईतात घालून गळ्यात बांधीत. तेथे भीती जायची ती खऱ्या जनावराच्या जवळिकीने. शिवाय ते मुलाच्या मालकीचे नव्हते. त्याला नाकात वेसण घालून फिरवले जाई, हेही विसरता कामा नये. १० फेब्रुवारीला महाविद्यालयाच्या आवारात जे टेडी हातोहात फिरतात त्यांचा या दोहोंशीही संबंध नाही. ती भेटवस्तू आहे. तिला कोणी मळू देत नाही.

पूच्या कथा अभ्यासक्रमात लावताना शेवटचे प्रकरण आधी शिकवण्याचा मोह होतो, कारण त्यावर प्रश्न काढणे सोपे असते. त्याऐवजी फुग्याच्या गोष्टीतील तो दबक्या आवाजातला प्रश्न शिकवावा, असे आग्रहाने सुचवावेसे वाटते. वडिलांनी तेथे दिलेल्या उत्तरात मौन आणि दिलासा दोन्ही आहेत. अस्वल कापडाचे आहे, त्याला कसे दुखेल, असे ते म्हणत नाहीत.

मूळ खेळणी १९८७ पासून न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयाकडे आहेत. पू, पिगलेट, ईयोर, कांगा आणि टिगर ही पाच काचेआड दिसतात. कांगाचे पिल्लू रू त्यात नाही. ते १९३० च्या दशकात सफरचंदाच्या बागेत हरवले.